निवेदन नसलेली अकरा मिनिटं : 'अग्नीची बेटं' आणि स्ट्राँबोली

आज आपण एका अकरा मिनिटांच्या चित्रपटाबद्दल बोलणार आहोत. अकरा मिनिटांच्या चित्रपटावर तासभर बोलणं म्हणजे जरा अतीच, असं तुम्हाला वाटेल. त्यात या चित्रपटाला निवेदन नाही. कुणी काही समजावून सांगत नाही. वाऱ्याचा, लाटांचा, माणसांच्या हाकांचा आणि डोंगराच्या गुरगुरण्याचा आवाज तेवढा आहे. तरी आम्ही हा विषय मुद्दाम घेतला, कारण इतिहासाच्या अभ्यासकाला असा चित्रपट अडचणीत टाकतो. कागदपत्र बोलतात, शिलालेख बोलतात, वृत्तपत्रं तर फारच बोलतात. जो पुरावा बोलतच नाही, त्याचं काय करायचं?

चित्रपटाचं नाव 'इझोले दी फुओको', म्हणजे 'अग्नीची बेटं'. साल १९५४. दिग्दर्शक व्हित्तोरिओ दे सेता. जन्म १९२३ चा, सिसिलीतल्या पालेर्मोचा. घराणं सरदारांचं, शिक्षण रोममध्ये वास्तुकलेचं. १९५४ ते १९५९ या काळात या माणसाने दक्षिण इटली आणि सार्डिनियात दहा लघुपट केले. तलवारमाशाची शिकार करणारे कोळी, गंधकाच्या खाणीतले मजूर, गव्हाची कापणी करणारे शेतकरी, सार्डिनियाचे मेंढपाळ. कॅमेऱ्यामागे बहुतेक तो स्वतःच उभा. आवाजही तोच टेप रेकॉर्डरवर ध्वनिमुद्रित करायचा. यातला एक लघुपट स्ट्राँबोलीच्या ज्वालामुखीचा. १९५५ साली कान महोत्सवात त्याला लघु माहितीपटाचं पारितोषिक मिळालं. जाता जाता सांगायला हरकत नाही, की त्याच वर्षी लघुपटांचा सर्वोच्च सन्मान मिळाला तो नॉर्मन मॅक्लॅरेनच्या 'ब्लिंकिटी ब्लँक'ला. तोही बिनशब्दांचा.

स्ट्राँबोली हे नाव आपल्यापैकी बहुतेकांनी शाळेत पाठ केलेलं असतं. भूगोलाच्या पुस्तकात एक ओळ असते : भूमध्य समुद्राचा दीपस्तंभ. एक मार्काचा प्रश्न. या दीपस्तंभाच्या पायथ्याशी माणसं राहतात, हे मात्र त्या ओळीत नसतं. आम्हालाही ते फार उशिरा कळलं.

तर आधी जागा समजून घेऊ. सिसिलीच्या उत्तरेला इओलियन नावाची सात बेटं आहेत. त्यातलं स्ट्राँबोली जेमतेम साडेबारा चौरस किलोमीटरचं. बेट म्हणजेच डोंगर आहे. समुद्रातून वर आलेला भाग ९२४ मीटरचा, आणि पाण्याखाली त्याहून बराच जास्त. माथ्याजवळच्या विवरांमध्ये दर दहा-वीस मिनिटांनी एक स्फोट होतो. खालून वर येणाऱ्या पातळ लाव्ह्यात वायूचे मोठे बुडबुडे तयार होतात, ते पृष्ठभागाशी येऊन फुटतात आणि तापलेले गोळे हवेत उडवतात. हे शेकडो वर्षं अखंड चालू आहे. जगात कुठेही असा उद्रेक झाला तर शास्त्रज्ञ त्याला 'स्ट्राँबोली प्रकारचा' म्हणतात, इतका हा डोंगर नियमित आहे. दगड तोच, बेसॉल्ट. आपल्या सह्याद्रीचा काळा पत्थर ज्या जातीचा, त्याच जातीचा. फरक इतकाच, की आपला साडेसहा कोटी वर्षांपूर्वी थंड झाला.

मग अशा ठिकाणी माणूस राहतो कसा? याचं उत्तर डोंगराच्या घडणीत आहे. बेटाच्या वायव्य बाजूला एक प्रचंड घसरण आहे, थेट विवरांपासून समुद्रापर्यंत. तिला 'स्कियारा देल फुओको' म्हणतात. आगीचा उतार म्हणा. फार पूर्वी डोंगराची ती बाजू कोसळली आणि ही खोल पन्हळ तयार झाली. रोजचे उडालेले निखारे, कधीमधी वाहणारा लाव्हा, सगळं या पन्हळीतून समुद्रात जातं. वस्ती दोन ठिकाणी. ईशान्येला मुख्य गाव, नैर्ऋत्येला गिनोस्त्रा नावाची वाडी. दोन्ही त्या उताराला बगल देऊन. म्हणजे बघा, लोक ज्वालामुखीच्या तोंडाशी राहतात असं आपण म्हणतो, पण खरं तर ते त्याच्या कुशीला राहतात. कुठली बाजू त्याची आणि कुठली आपली, ही वाटणी पिढ्यान् पिढ्यांची आहे.

हे लोक डोंगराला नावाने हाक मारत नाहीत. ते त्याला 'इद्दू' म्हणतात. सिसिलीच्या बोलीत इद्दू म्हणजे 'तो'. नुसतं 'तो'. आपल्याकडे जुन्या बायका नवऱ्याचं नाव घेत नसत, 'हे' म्हणत. त्यात आदर असतो, थोडी भीती असते, आणि रोज एका घरात राहण्याची सवयही असते. हे सगळं त्या एका सर्वनामात आलं.

ही ओळख फार जुनी आहे. रोमन लेखक प्लिनी याने पहिल्या शतकात लिहून ठेवलंय, की या बेटावरचे लोक डोंगराच्या धुरावरून पुढच्या तीन दिवसांत वारा कुठून येणार हे सांगतात. इओलियन हे नावच वाऱ्याच्या देवाचं, इओलसचं. प्लिनीने हे ऐकीव म्हणून दिलंय, आणि तीन दिवसांचा अंदाज कितपत बरोबर येत असेल हे सोडून द्या. पण त्यामागची माणसं पाहा. शिडाच्या होडीने समुद्रात जाणाऱ्याला वारा कळणं म्हणजे जीव वाचणं. ज्याला आपण आपत्ती म्हणतो त्याचाच ते हवामानखात्यासारखा उपयोग करत होते.

आता चित्रपटाकडे येऊ. रचना अगदी साधी आहे : उद्रेकाच्या आधी, उद्रेकात आणि उद्रेकानंतर. समुद्र, होड्या, पांढरी घरं, वारा. माणसं कामात आहेत. मग समुद्र खवळतो, डोंगराचा आवाज वाढतो. रात्र होते. अंधारात लाल उजेड वर चढतो, आणि आपल्याला चेहरे दिसतात. घाबरलेले म्हणावेत तर तसे नाहीत. निर्धास्त तर नाहीतच. लक्ष देऊन ऐकणारे चेहरे आहेत ते. मग उजाडतं, आणि लोक पुन्हा कामाला लागतात. संपला चित्रपट.

आम्ही पहिल्यांदा पाहिला तेव्हा आमची प्रतिक्रिया खरं सांगायचं तर निराशेची होती. इतकंच? किती लोक होते, किती मेले, घरं पडली का, सरकार आलं का? काहीच कळत नाही. दुसऱ्यांदा पाहताना लक्षात आलं, की हे प्रश्न आमच्या सवयीचे आहेत. आपत्ती दिसली की एक भारदस्त आवाज ऐकू यायला हवा, ही सवय आम्हाला कुणीतरी लावली आहे.

कुणी लावली? तुमच्यातल्या ज्येष्ठांना फिल्म्स डिव्हिजन आठवत असेल. १९४८ साली स्थापन झाली. सिनेमा सुरू होण्याआधी तिचा माहितीपट दाखवणं थिएटरला सक्तीचं होतं. पूर आला, दुष्काळ पडला, धरण झालं, पडद्यावर माणसं दिसायची आणि त्यांच्यावरून तो आवाज वाहत असायचा. माणसं काय म्हणतायत ते कधी ऐकू यायचं नाही. इटलीत हीच व्यवस्था त्याहून जुनी आणि त्याहून कडक होती. मुसोलिनीच्या राजवटीत १९२४ साली लूचे नावाची संस्था निघाली आणि दोनच वर्षांत तिच्या वार्ताचित्रांचं प्रदर्शन सगळ्या चित्रपटगृहांत सक्तीचं झालं. जवळजवळ वीस वर्षं इटलीच्या शेतकऱ्याबद्दल, कोळ्याबद्दल, त्याच्या घामाबद्दल आणि त्यागाबद्दल एकच आवाज बोलत होता. युद्धानंतर राजवट गेली. निवेदकाचा सूर मात्र इतक्या लवकर जात नाही. मुख्य चित्रपटाआधी लागणाऱ्या दहा-दहा मिनिटांच्या माहितीपटांत तो ऐकू येतच राहिला.

या पार्श्वभूमीवर दे सेता निवेदकाला रजा देतो. याला आम्ही शैलीचा प्रश्न मानत नाही. वीस वर्षं ज्यांच्या वतीने दुसरं कुणीतरी बोललं, त्यांच्या वतीने मी बोलणार नाही, असा तो निर्णय आहे. दे सेताने हे याच शब्दांत सांगितलं असा आमचा दावा नाही. पण १९५४ च्या इटलीत त्याचा अर्थ याहून वेगळा लावणं आम्हाला तरी अवघड जातं.

याच बेटावर पाच वर्षांपूर्वी काय झालं होतं, तेही पाहण्यासारखं आहे. १९४९ साली रोबेर्तो रॉसेलिनी इन्ग्रिड बर्गमनला घेऊन स्ट्राँबोलीला आला. त्याच वर्षी शेजारच्या 'व्हुल्कानो' बेटाच्या नावाचा दुसरा चित्रपट तिथे चालू होता, आन्ना मान्यानीला घेऊन. रॉसेलिनी आणि मान्यानी आधी एकत्र होते, त्यामुळे वर्तमानपत्रांना तर पर्वणीच. 'ज्वालामुखींचं युद्ध' असं नाव पडलं त्याला. जगभरच्या वाचकांना ही बेटं माहीत झाली ती या प्रकरणामुळे.

रॉसेलिनीचा 'स्ट्राँबोली' मोठा चित्रपट आहे, त्याबद्दल वाद नाही. त्यात बेटावरचे खरे रहिवासी आहेत, ट्यूना माशांच्या शिकारीचं विलक्षण चित्रण आहे. पण कथा बाहेरून आलेल्या बाईची आहे. डोंगर तिच्या मनातल्या वादळासाठी आहे. गावकरी पार्श्वभूमीला, आणि बरेचसे कोत्या मनाचे. शेवटी ती ज्वालामुखीवर चढते आणि देवाला हाका मारते. तिचं पुढे काय होतं, हे रॉसेलिनीने मोकळं सोडलं होतं. अमेरिकेतल्या वितरकांनी चित्रपट कापला आणि शेवटाला निवेदन चिकटवलं, की ती नवऱ्याकडे परत गेली बरं का! कुठलंही मौन सहन न होण्याचा हा नमुना.

इथपर्यंत आम्ही दे सेताची बाजू घेतली. आता दुसरी बाजू. मौनाने काय झाकलं?

आकड्यांपासून सुरुवात करू. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस स्ट्राँबोलीवर अडीच हजारांहून जास्त लोक राहत होते. आज बारा महिने राहणारे काही शेच आहेत. दे सेता कॅमेरा घेऊन आला तोवर बेट बरंच रिकामं झालेलं होतं. त्याच्या चित्रपटात दिसतात ते मागे राहिलेले. हे मात्र चित्रपट आपल्याला सांगत नाही. पडद्यावर वाटतं, की जणू अनादी काळापासून असंच चाललंय, तेवढीच माणसं, तेवढ्याच होड्या.

का रिकामं झालं? सोपं उत्तर : ज्वालामुखी. ११ सप्टेंबर १९३० च्या सकाळी फार मोठा स्फोट झाला. गिनोस्त्राच्या घरांवर प्रचंड दगड येऊन पडले. दुसऱ्या बाजूला तापलेल्या राखेचा आणि दगडांचा लोंढा वस्तीजवळच्या घळीतून समुद्रापर्यंत गेला. समुद्राची पातळीही हलली. सहा माणसं मेली. त्यानंतर पुष्कळ कुटुंबांनी बेट सोडलं. हे खरं आहे.

पण बेट सोडायला सुरुवात त्याच्या कितीतरी आधी झाली होती. या बेटांचं जगणं मालवासिया नावाच्या गोड वाइनवर चालायचं. उतारावर दगडी बांध रचून, आपल्या कोकणात वरकस जमिनीला रचतात तसे, पायऱ्यापायऱ्यांची शेती. ज्वालामुखीची माती द्राक्षाला उत्तम. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी फिलोक्सेरा नावाची कीड आली. द्राक्षाच्या मुळांवर जगणारा हा बारीक किडा अमेरिकेतून युरोपात पोचला आणि त्याने सगळ्या खंडातले मळे उद्ध्वस्त केले. इथलेही केले. त्याच सुमारास दुसरा घाव बसला. स्ट्राँबोलीचे लोक नावाजलेले खलाशी होते, त्यांची शिडाची मालवाहू गलबतं होती. आगबोटींपुढे ती टिकली नाहीत. वाइन गेली, ती वाहून नेणारी गलबतंही गेली. माणसं अमेरिकेला, ऑस्ट्रेलियाला निघाली.

म्हणजे 'तो' शेकडो वर्षं धडधडत होता तेव्हा बेट भरलेलं होतं. एक किडा आणि एक इंजिन आलं आणि ते रिकामं व्हायला लागलं. १९३० चा स्फोट झाला तो आधीच खचलेल्या गावावर. चांगले दिवस असते तर लोकांनी पडलेली घरं पुन्हा बांधली असती, असं आम्हाला वाटतं. हाताशी काहीच नसताना घर पडलं, की माणूस पेटी उचलतो.

यात आणखी एक गोष्ट मिसळा. या बेटावर गोड्या पाण्याचा झरा नाही. घरांची छपरं सपाट असतात ती दिसायला छान म्हणून नव्हे. पावसाचं पाणी छपरावर धरायचं आणि खालच्या टाकीत उतरवायचं, त्यासाठी ती तशी आहेत. गिनोस्त्रा वाडीला तर एकविसावं शतक उजाडेपर्यंत मोठी बोट लागेल असा धक्का नव्हता. तिथलं बंदर म्हणजे खडकातली एक भेग, जगातलं सर्वांत छोटं बंदर म्हणून पर्यटकांना कौतुकाने दाखवतात ती. मोठी बोट लांब उभी राहायची, माणसं आणि सामान होडीने आणायचं. वीज आली तीही तेव्हाच, सौरऊर्जेची. ज्वालामुखी हलवता येत नाही हे सगळ्यांना मान्य आहे. धक्का तर बांधता येत होता ना? निसर्गाच्या सामर्थ्याबरोबर राहणारी माणसं, असं आपण मोठ्या आवाजात म्हणतो तेव्हा त्यात सरकारच्या आळसाबरोबर राहणंही हळूच मिसळून जातं.

दे सेताच्या कॅमेऱ्यात हे येत नाही. येऊ शकलं असतं का? फिलोक्सेरा कसा दाखवणार? ऑस्ट्रेलियाला गेलेला भाऊ कसा दाखवणार? बंद दार दाखवता येतं, पण ते वादळामुळे बंद आहे की वीस वर्षांपासून, हे शब्दांशिवाय कसं कळणार? इथे आम्हाला चित्रपटाची मर्यादा दिसते, आणि ती आम्ही झाकू इच्छित नाही. पुढे हे लघुपट एकत्र करून बोलोन्याच्या चित्रपट संग्रहालयाने त्यांचं पुनरुज्जीवन केलं, त्यात मार्टिन स्कॉर्सेसींच्या फिल्म फाउंडेशनची मदत होती. तो संच निघाला 'हरवलेलं जग' या नावाने. निवेदन नसलेल्या चित्रपटांना शेवटी दोन शब्द चिकटलेच. आणि आमचं त्या शब्दांशी भांडण आहे. हरवलेलं म्हणजे आपोआप गेलेलं, जशी किल्ली हरवते. हे जग तसं हरवलेलं नाही. ते कशाने गेलं हे सांगता येतं, तारखा देता येतात.

पण म्हणून 'अग्नीची बेटं' कमी प्रतीचा पुरावा ठरतो का? नाही. त्याच्यात जे आहे ते दुसरीकडे कुठेच नाही. सरकारी अहवालात १९३० चे मृत्यू सापडतील. शास्त्रज्ञांच्या नोंदीत दगडांची वजनं सापडतील. पण डोंगराचा आवाज बदलल्यावर एक बाई हातातलं काम थांबवते का, किती वेळ थांबते, मान कुठल्या बाजूला वळवते, ही नोंद कुठे सापडणार? हे ज्ञान आहे. प्लिनीने ज्याची एक ओळ लिहिली, तेच हे ज्ञान, एकोणीसशे वर्षांनंतरचं. लिहिता-वाचता न येणाऱ्या माणसाकडे असलेलं, त्याच्या मानेत आणि कानात असलेलं. दे सेताने ते ध्वनिमुद्रित केलं आणि त्यावर स्वतःचा आवाज चढवला नाही, म्हणून ते आज आपल्याला ऐकू येतं. निवेदन असतं तर नेमका तोच क्षण त्याच्याखाली गेला असता.

आजचं स्ट्राँबोली निराळं आहे. ३० डिसेंबर २००२ ला आगीच्या उताराचा मोठा भाग समुद्रात घसरला, त्याने उठलेल्या लाटा किनाऱ्यावरच्या घरांत शिरल्या. हिवाळा होता, माणसं थोडी होती, म्हणून निभावलं. उन्हाळ्यात हे झालं असतं तर किनारा पर्यटकांनी भरलेला असता. तेव्हापासून डोंगरावर अहोरात्र उपकरणांची नजर आहे, गावात भोंगे आहेत. ३ जुलै २०१९ च्या स्फोटात डोंगर चढणारा एक जण दगावला, त्यानंतर माथ्यावर जाण्यावर बंधनं आली. ऐकण्याचं काम आता यंत्रं करतात. आम्हाला यात तक्रार करण्यासारखं काही दिसत नाही. यंत्राला मानेपेक्षा लवकर कळतं. फक्त एवढंच, की भोंगा वाजला की पळायचं कुठे, हे अजून त्या मानेलाच माहीत असतं.

आणि एक शेवटची गोष्ट. मे २०२२ मध्ये या बेटावर एका टीव्ही मालिकेचं चित्रीकरण चालू होतं. विषय काय, तर आपत्तीत धावून येणारं नागरी संरक्षण दल. चित्रीकरणाच्या वेळी लावलेली आग वाऱ्याने पसरली आणि डोंगराच्या उतारावरची झाडी मोठ्या प्रमाणावर जळाली. मुळांनी धरून ठेवलेली माती मोकळी झाली. ऑगस्टमध्ये मुसळधार पाऊस पडला आणि तो सगळा चिखल, राख, दगड गावाच्या गल्ल्यांतून घराघरांत शिरला. लोकांनी फावड्यांनी घरं उपसली. त्या वेळी 'तो' नेहमीसारखा दर दहा-वीस मिनिटांनी गुरगुरत होता. त्याचा त्यात काही हात नव्हता.

आता प्रश्न असतील तर घेऊ या.